सोडून आला म्हणून खोटा ठरतो काय?

पंथ सोडून आलेल्या माणसाच्या बोलण्यावर विश्वास ठेवू नये, असं सांगणारी बरीच शहाणी माणसं मला भेटतात. ही माणसं कुठल्या बाबाची भक्त नसतात. वाचणारी असतात, चार चांगली पुस्तकं घरात बाळगून असतात, स्वतःला तटस्थ म्हणवतात. त्यांचं म्हणणं असं की, जो चिडून निघाला तो चिडूनच बोलणार. आत होता तोवर गुरू देव होता, बाहेर पडल्यावर राक्षस झाला. पटत नव्हतं तर गुमान निघून जायचं होतं, गावभर बोभाटा कशाला? आणि एवढं भयंकर काही घडत होतं, तर इतकी वर्षं तोंडाला कुलूप का होतं?

ऐकायला हे समतोल वाटतं. पण या समतोलाचा फायदा दर वेळी एकाच बाजूला मिळतो, गादीवर बसलेल्याला. आणि त्याची किंमत काही माणसांनी जिवानिशी मोजली आहे. म्हणून याला स्पष्ट उत्तर द्यायला हवं.

अमृत प्रजापती हे आसाराम या आश्रमगुरूंचे वैद्य होते. बरीच वर्षं आश्रमात काढलेले, आतलं सगळं जवळून पाहिलेले. ते बाहेर पडले आणि जे पाहिलं ते उघड बोलू लागले. ऑगस्ट २०१३ मध्ये जोधपूरजवळच्या मणाई इथल्या आश्रमात आसारामांनी एका अल्पवयीन मुलीवर बलात्कार केल्याची तक्रार नोंदली गेली, तेव्हा त्यांचं बोलणं खटल्याच्या कामाचं ठरलं. मे २०१४ मध्ये राजकोटला त्यांच्यावर गोळी झाडली गेली आणि जूनमध्ये त्यांचा मृत्यू झाला. जानेवारी २०१५ मध्ये मुझफ्फरनगरला आश्रमाच्या एका माजी आचाऱ्याला गोळ्या घालून मारलं. तोही साक्षीदार होता. फेब्रुवारीत जोधपूरला न्यायालयाच्या आवारातच एका साक्षीदारावर चाकूहल्ला झाला. तो वाचला, पण वर्षअखेरीस बेपत्ता झाला. मे महिन्यात पानिपत जिल्ह्यातल्या एका गावात महेंद्र चावला यांच्यावर गोळीबार झाला. चावला हे आसारामपुत्र नारायण साई यांचे एके काळचे निकटचे सहायक. ते बचावले. जुलैमध्ये शाहजहानपूरला आणखी एका साक्षीदाराचा खून झाला.

यातला कोणता हल्ला कुणाच्या सांगण्यावरून झाला, याचा निवाडा न्यायालयांनी करायचा आहे, मी तो इथे करत नाही. पण एक गोष्ट कुणालाही दिसण्यासारखी आहे. सोडून आलेले लोक खोटारडे असते, तर त्यांच्या खोटेपणाला उलटतपासणी पुरेशी होती. चांगला वकील खोट्या साक्षीदाराला अर्ध्या तासात उघडा पाडतो. या साक्षी न्यायालयात टिकतील अशी भीती ज्यांना वाटत होती, त्यांनाच पिस्तूल काढावं लागलं.

पुढे चावला सर्वोच्च न्यायालयात गेले. अर्जदार चौघे होते. हल्ल्यातून वाचलेले चावला स्वतः, खून झालेल्या एका साक्षीदाराचे वडील, पीडित मुलीचे वडील आणि ज्याच्यावर हल्ला झाला होता असा एक पत्रकार. ५ डिसेंबर २०१८ रोजी न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजना मान्य केली आणि संसदेने किंवा राज्यांनी कायदा करेपर्यंत ती देशभर कायद्यासारखी पाळावी, असा आदेश दिला. आज खुनाच्या, भ्रष्टाचाराच्या, टोळीयुद्धाच्या खटल्यातला कुठलाही घाबरलेला साक्षीदार संरक्षणासाठी जो अर्ज करू शकतो, त्या हक्कामागे पंथ सोडून आलेल्या माणसाने केलेली ही धडपड आहे. ‘सूडाने पेटलेले’ लोक असं काम करत नाहीत.

पीडित मुलीच्या वडिलांकडेही बघा. ते त्या पंथाचे शत्रू नव्हते. निष्ठावंत भक्त होते. शाहजहानपूरच्या आश्रमाच्या बांधकामाला त्यांनी हातभार लावला होता, मुलीला छिंदवाड्याच्या गुरुकुलात शिकायला ठेवलं होतं. हा माणूस निघाला तो मनात आधीच अढी होती म्हणून नव्हे, तर मुलीने जे सांगितलं ते ऐकल्यावर आत राहणं शक्य नव्हतं म्हणून. त्याचा राग पुराव्यातून जन्मला. आमचे तटस्थ मित्र क्रम उलटा लावतात. आधी राग, मग त्यापोटी रचलेला पुरावा. २५ एप्रिल २०१८ रोजी जोधपूरच्या न्यायालयाने आसारामांना जन्मठेप दिली, तेव्हा कोणता क्रम खरा हे दिसलं.

या तटस्थतेला विद्वत्तेचा आधारही मिळालेला आहे, आणि तो आधार साधासुधा नाही. ऑक्सफर्डचे ब्रायन विल्सन हे धर्माच्या समाजशास्त्रातलं मोठं नाव. पंथ सोडून गेलेल्याची साक्ष ना संशोधकाने विश्वासार्ह धरावी ना न्यायालयाने, अशा अर्थाचं त्यांनी लिहून ठेवलं आहे. युक्तिवाद असा की, सोडणाऱ्याला आपला भूतकाळ झाकायचा असतो, म्हणून आपण फसवले गेलो अशी कहाणी तो रचतो. ठीक. मग आत राहिलेल्याला काय झाकायचं नसतं? त्याची गादीवरची श्रद्धा, मठातली जागा, मुलीचं जुळलेलं लग्न, धंद्यातली गिऱ्हाइकं, सगळं त्या पंथात अडकलेलं असतं. त्याची साक्ष निःपक्षपाती, आणि सगळं गमावून बाहेर आलेल्याची साक्ष मात्र हितसंबंधी? अमेरिकन समाजशास्त्रज्ञ बेंजामिन झाब्लोकी यांनी कम्यूनमध्ये राहणाऱ्यांच्या आणि ती सोडून गेलेल्यांच्या जबान्या तपासल्या. विश्वासार्हतेत दोघांमध्ये फारसा फरक त्यांना आढळला नाही. म्हणजे ज्याला तटस्थता म्हणतात, तो अभ्यासाअंती काढलेला निष्कर्ष नसून आधीच धरलेला ग्रह आहे.

आणि हा ग्रह कुठवर नेतो, ते जपानने पाहिलं. त्सुत्सुमी साकामोतो नावाचे तरुण वकील ओम शिनरिक्यो या पंथाविरुद्ध उभे होते. पोरं त्या पंथात गेल्यामुळे दुरावलेले आईबाप त्यांचे अशील. ऑक्टोबर १९८९ मध्ये एका मोठ्या दूरचित्रवाणी वाहिनीने त्यांची मुलाखत घेतली आणि ती प्रसारित होण्याआधीच पंथाच्या लोकांना दाखवली. नोव्हेंबरच्या सुरुवातीला साकामोतो, त्यांची पत्नी आणि वर्षाचं बाळ रात्रीतून घरातून नाहीसे झाले. पंथाचा बिल्ला घरात सापडूनही पोलिसांनी तपास त्या दिशेने जोरात नेला नाही. सहा वर्षांनी, सप्टेंबर १९९५ मध्ये, तिघांचे मृतदेह तीन वेगवेगळ्या प्रांतांत पुरलेले सापडले. जागा कुणी दाखवल्या? पंथातल्याच माणसांनी, पकडले गेल्यावर. दरम्यान त्या पंथाने १९९४ मध्ये मात्सुमोतो शहरात आणि मार्च १९९५ मध्ये टोकियोच्या भुयारी रेल्वेत सारीन वायू सोडून माणसं मारली होती. टोकियोच्या हल्ल्यानंतरसुद्धा अमेरिकेतून काही धर्म-अभ्यासक जपानला गेले. प्रवासाचा खर्च पंथाने केला होता. पत्रकार परिषदेत त्यांनी सांगितलं की हा पंथ सारीन बनवूच शकत नाही, हा धार्मिक छळाचा प्रकार दिसतो. त्यांनी पंथातल्या लोकांशी बोलून, पंथाने दिलेले कागद पाहून हे मत बनवलं होतं. पंथ सोडलेले लोक आणि त्यांचे आईबाप तर कितीतरी आधीपासून ओरडून सांगत होते. पण त्यांचं काय ऐकायचं, ते चिडलेले होते ना!

आता दुसरा मुद्दा. इतकी वर्षं गप्प का? हा प्रश्न विचारणाऱ्याने एकदा कुणाला तरी पंथ सोडताना जवळून बघावं.

माझ्या ओळखीतल्या एका बाईंचं सांगते. पश्चिम महाराष्ट्रातलं तालुक्याचं गाव. लग्न होऊन आल्यापासून त्या सासरच्या मंडळींबरोबर एका गुरूंच्या मंडळात. दर गुरुवारी पहाटे चारला उठून आश्रमात कांदे सोलायला, भांडी घासायला जायचं. त्याचं नाव सेवा. गुरूंपाशी मन मोकळं करायचं हाही नियम होता, त्यामुळे नवऱ्याशी झालेलं भांडण, नणंदेबद्दलचा राग, सगळं तिथे सांगून झालेलं. देणगीचा हिशेब एकदा तरी वाचून दाखवा, एवढंच त्या एका सभेत बोलल्या आणि मग जाणं बंद केलं. पहिल्या आठवड्यात दोन गुरुभगिनी प्रसाद घेऊन आल्या, गोड बोलल्या. दुसऱ्या आठवड्यात फोन, की गुरुमाउली दुखावल्यात. तिसऱ्या आठवड्यात सासूबाईंनी देवघरात यायला मनाई केली. किराणा दुकानदार गुरुबंधू, त्याने उधारी बंद केली. मुलीचं स्थळ मंडळातूनच आलं होतं, ते मोडलं. आणि त्यांनी मन मोकळं करताना सांगितलेल्या घरातल्या गोष्टी आळीत फिरू लागल्या. शेवटी बातमी पसरली की बाईंच्या डोक्यावर परिणाम झालाय, त्यांचं मनावर घेऊ नका.

हे सगळं कशासाठी? हिशेब मागितला म्हणून. आता कल्पना करा की त्या बाई हिशेबाबद्दल नव्हे, स्वतःच्या शरीरावर झालेल्या अत्याचाराबद्दल बोलणार होत्या. बोलायला किती वर्षं लागतील?

सुरतच्या दोन बहिणींनी ऑक्टोबर २०१३ मध्ये तक्रारी दिल्या. थोरल्या बहिणीची तक्रार आसारामांविरुद्ध होती आणि २००१ ते २००६ या काळातल्या घटनांची होती. ‘एवढ्या उशिरा’ हा बचाव तिथेही झालाच असणार. जानेवारी २०२३ मध्ये गांधीनगरच्या न्यायालयाने त्या प्रकरणात जन्मठेप सुनावली. धाकटीच्या तक्रारीवर नारायण साईला २०१९ मध्येच जन्मठेप झाली होती. उशीर झाला म्हणून गोष्ट खोटी ठरत नाही. उशिराची कारणं तपासायची असतात.

पुण्याला तर हे समजायला फार लांब जायला नको. कोरेगाव पार्कातला रजनीशांचा आश्रम आणि नंतरचं ओरेगॉनमधलं रजनीशपुरम यात मुलंही वाढत होती, हे आपण फार काळ लक्षातच घेतलं नाही. तिथल्या मोठ्यांच्या मुक्तीवर किती लिहिलं गेलं! टिम गेस्ट नावाच्या मुलाने मोठं झाल्यावर, २००४ मध्ये, कम्यूनमध्ये गेलेल्या आपल्या बालपणावर पुस्तक लिहिलं, आईपासून तुटलेल्या बालपणावर. २०२४ मध्ये आलेल्या एका माहितीपटात तिथे वाढलेल्या स्त्रिया मुलांवर झालेल्या लैंगिक अत्याचारांबद्दल कॅमेऱ्यासमोर बोलल्या. चाळीस वर्षं उलटून गेली होती. ज्या वयात घडतं त्या वयात त्याला काय म्हणायचं हेच कळत नसतं, आणि कळतं तेव्हा आजूबाजूचे सगळे गुरूच्या बाजूचे असतात. आईसुद्धा.

आणि कुणी नाव लपवून लिहिलं, तर हेच तटस्थ म्हणतात, खरं असतं तर सही केली असती. २००२ मध्ये सिरसाच्या डेरा सच्चा सौदातल्या एका साध्वीने पंतप्रधान अटलबिहारी वाजपेयींना निनावी पत्र लिहिलं आणि डेराप्रमुख गुरमीत राम रहीमने केलेल्या बलात्कारांची हकिकत सांगितली. सही नव्हती. पत्र छापणारे स्थानिक पत्रकार रामचंद्र छत्रपती यांच्यावर त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये गोळ्या झाडल्या गेल्या आणि पुढच्या महिन्यात ते गेले. सही का नव्हती, हे ज्याला अजूनही विचारायचंय त्याने विचारावं. पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयाने त्या बिनसहीच्या कागदाची दखल घेतली, तपास सीबीआयकडे गेला आणि २५ ऑगस्ट २०१७ रोजी पंचकुल्यात आरोप सिद्ध झाले. निकालानंतरच्या दंगलीत तीसहून अधिक माणसं मेली. दोन साध्वी शेवटपर्यंत आपल्या जबाबावर ठाम राहिल्या.

मग येतो तो सर्वांत सोज्ज्वळ सल्ला, की निघा पण गुपचूप निघा. हा सल्ला देणाऱ्याला वाटतं, तो शांततेच्या बाजूने बोलतोय. पण गुपचूप निघण्यात फायदा कुणाचा? निघणाऱ्याचा नाही. त्याचं घरदार, नाती, पत आधीच गेलेली असते. फायदा आत बसलेल्याचा, कारण पुढची भरती निर्वेध चालू राहते. गप्प निघून गेलेली प्रत्येक व्यक्ती आपल्या मागे तिथे असलेल्या पोरींना काही न सांगता जाते. आणि मुख्य म्हणजे, माणूस पंथ सोडून गेला हे पंथाला फारसं टोचत नाही. माणसं येतात, जातात. तो बोलला की टोचतं. म्हणून ‘गुपचूप जा’ हा सल्ला म्हणजे पंथाचीच अट आहे, फक्त भल्या माणसाच्या तोंडून आलेली.

बोलण्याने धर्माची बदनामी होते, हाही आक्षेप नेहमीचा. त्याला उत्तर म्हणून मी मुंबईच्या असगर अली इंजिनिअर यांचं नाव घेईन. वडील बोहरा समाजातले धर्मगुरू, स्वतः मुंबई महापालिकेत अभियंता. १९७० च्या दशकात उदयपूरच्या बोहरांनी धर्मपीठाच्या सत्तेविरुद्ध बंड केलं, तेव्हा नोकरी सोडून ते त्या सुधारणा चळवळीत उतरले. समाजातून बहिष्कृत झाले, त्यांच्यावर अनेकदा हल्ले झाले, २००० मध्ये सांताक्रूझचं घर आणि कार्यालय फोडलं गेलं. पण २०१३ मध्ये मृत्यू होईपर्यंत हा माणूस श्रद्धावान मुसलमान राहिला आणि इस्लामवर डझनावारी पुस्तकं लिहीत राहिला. त्यांनी सोडली ती श्रद्धा नव्हे, श्रद्धेच्या नावाने चाललेली हुकमत. तुकोबांपासून गाडगेबाबांपर्यंत भोंदू गुरूंना चव्हाट्यावर आणण्यात महाराष्ट्राने धर्माची बदनामी कधी पाहिली नाही. मग आजच कशी दिसू लागली?

अशा बहिष्काराविरुद्ध मुंबई राज्याने १९४९ मध्ये कायदा केला होता. १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या बहुमताने तो रद्द केला, बहिष्कार हा धर्मसंस्थेचा अंतर्गत अधिकार मानून. सरन्यायाधीश सिन्हा यांचं मत वेगळं होतं, आणि माझ्या मते तेच बरोबर होतं. ज्या अधिकाराने माणसाचं दफन अडतं, बायको-मुलं त्याच्यापासून तोडली जातात, तो संस्थेचा अंतर्गत प्रश्न कसा? महाराष्ट्राने पुढे सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा केला, तो जुलै २०१७ पासून लागू आहे. तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. जातपंचायतींच्या छळातून तो जन्मला, पण त्यातल्या तरतुदी पंथ सोडणाऱ्या माणसालाही वापरता येतील. तो माहीत किती जणांना आहे, हा वेगळा प्रश्न. माझ्या ओळखीतल्या बाईंना नव्हता. पोलीस ठाण्यातल्या हवालदारालाही नव्हता.

सोडून आलेला प्रत्येक जण खरंच बोलतो, असा माझा दावा नाही. माणसं वाढवून सांगतात, कधी चुकीचं आठवतात, कधी तिसऱ्याचं ऐकलेलं स्वतःचं म्हणून सांगतात. डेरा प्रकरणातच एका माजी व्यवस्थापकाच्या खुनाबद्दल झालेली शिक्षा २०२४ मध्ये उच्च न्यायालयाने रद्द केली, आणि पुरावा पुरेसा नसेल तर तेच व्हायला हवं. पण आपला साक्षीपुराव्याचा कायदा यावर कधीच गोंधळलेला नव्हता. मृताचा भाऊ हितसंबंधी आहे म्हणून त्याची साक्ष कुणी फेकून देत नाही, ती जास्त बारकाईने तपासतात. गुन्ह्यात सामील असलेल्या साथीदारालासुद्धा साक्ष देता येते. दरोडेखोराच्या साथीदाराला जी संधी आपण देतो, ती पंथात एके काळी इतरांना ओढून आणणाऱ्या आणि आता पश्चात्तापाने बोलणाऱ्या साधकाला नाकारायची, हे कुठल्या न्यायात बसतं? त्याचं बोलणं तपासा. तारखा विचारा, पावत्या मागा, आणखी कोण होतं ते विचारा. त्याला घाम फुटेपर्यंत प्रश्न विचारा. पण तो तोंड उघडण्याआधीच त्याला खोटा ठरवू नका. बंद दाराआड जे चालतं ते ज्याने आतून पाहिलं तोच सांगू शकतो, दुसरा साक्षीदार आणणार कुठून?

हे वाचणाऱ्यांपैकी कुणाच्या तरी घरात, शेजारात, कचेरीत असा एखादा माणूस आज नाही तर उद्या येईल. अडखळत बोलेल, मागचं पुढे सांगेल, मध्येच गुरूची बाजूही घेईल. त्याला ‘मग इतकी वर्षं काय करत होतात?’ असं विचारू नका. बसवा, सगळं सांगू द्या, ज्या तारखा आठवतात त्या लिहून घ्या. धमक्यांचे फोन येत असतील तर ते नोंदवून ठेवा, आणि पोलीस ठाण्यात किंवा वकिलाकडे जायची वेळ आली तर त्याच्यासोबत जा. एकटं जाऊ देऊ नका.